मुद्देमालाला तेल

शिवणकाकूंची मशीन चोरीला गेली तेव्हा त्या रडल्या नाहीत. चोराच्या सात पिढ्यांचा उद्धार करून मोकळ्या झाल्या. रडायची वेळ आली ती चोर सापडल्यावर. मशीनही सापडली, पण ती आता काकूंची नव्हती, मुद्देमाल होती. लाखेचं सील लावून पोलीस ठाण्याच्या मागच्या ओलसर खोलीत, गंजक्या सायकली आणि कुणाच्या तरी फ्रिजच्या मधोमध ती उभी होती.

"कोर्टात अर्ज करा," मुद्देमाल सांभाळणारे हवालदार म्हणाले. "कोर्ट आमचा अहवाल मागेल. आम्ही हरकत नाही म्हटलं की मशीन तुमची."

"मग म्हणा की."

"म्हणू हो काकू. घाई काय?"

घाई होती. समोरच्या शाळेच्या गणवेशांचं काम काकूंकडे होतं. शाळा उघडायच्या आत मशीन आली नाही तर ते नाक्यावरच्या दुकानाकडे जाणार होतं, आणि एकदा गेलेलं गिऱ्हाईक परत येत नाही हे काकूंना पक्कं ठाऊक होतं. कॉलेजात शिकणाऱ्या लेकीने अर्ज लिहून दिला. काकू ठाण्यात चौकशीला गेल्या, तर मशीनच्या चाकावर गंज चढायला लागलेला.

"अहो, हिला तेल तरी घालू द्या! उद्या चोराला शिक्षा होईल, पण माझी मशीन आधीच मरेल त्याचं काय?"

हवालदारांना दया आली. त्यांनी सीलाची दोरी हळूच सरकवून ठेवली. काकूंनी तेल घातलं, चाक फिरवलं. तेल नीट मुरलं का, हे कापडावर टीप मारल्याशिवाय कसं कळणार? हवालदारांच्या पँटची शिवण नेमकी मागून उसवली होती. ते फ्रिजच्या आडोशाला गेले आणि पँट तेवढी बाहेर आली.

झालं! दुसऱ्या दिवशी ठाणे अंमलदारांचा शर्ट हजर. मग वायरलेसवाल्याची पिशवी, जीपच्या ड्रायव्हरची उशी, मोठ्या साहेबांच्या घरचे पडदे. काकू रोज तेल घालायला जात आणि रोज नवं गाठोडं वाट पाहत असे. अहवाल मात्र आज लिहितो, उद्या लिहितो.

पडद्यांना दुमड घालता घालता काकूंच्या डोक्यात उजेड पडला. मशीन घरी गेली तर या लोकांचे कपडे कोण शिवणार?

"आई, कोर्टात जास्त बोलू नकोस हं," तारखेच्या दिवशी लेक काकुळतीला आली होती. "विचारतील तेवढंच सांग. तुझ्या तोंडाची मला भीती वाटते."

"विचारतील तेवढंच," काकूंनी शब्द दिला.

सरकारी वकील उठले. मशीन महत्त्वाचा पुरावा आहे, ठाण्यात सीलबंद आणि सुरक्षित आहे, सध्या परत देऊ नये, असं म्हणाले. न्यायाधीश बाई काकूंकडे वळल्या.

"मशीन तुमचीच आहे हे ओळखलंत का?"

"हो. रोजच बघते की."

"रोज? कशाला?"

"तेल घालायला."

"सीलबंद मशीनला तेल कसं घालता?"

"दोरी सरकवून ठेवतात ना, बाईसाहेब. नाहीतर चाक कसं फिरणार?"

"आणि चाक कशाला फिरवायचं?"

विचारलेलं तर सांगायलाच हवं होतं. काकूंनी दाराशी उभ्या असलेल्या हवालदारांकडे मोठ्या मायेने पाहिलं.

"हवालदारसाहेब जरा पाठमोरे होतील का? शिवण बघा, कशी सरळ आलीय!"

हवालदार भिंतीला असे चिकटले की जणू तिथेच रंगवले होते. लेकीने कपाळाला हात लावला. सरकारी वकिलांनी हवालदारांकडे पाहिलं, कागदाकडे पाहिलं, आणि घसा खाकरत म्हणाले, "आमची हरकत नाही."

"मलाही तसंच वाटलं," न्यायाधीश बाई म्हणाल्या. खाली बघून त्या बराच वेळ पेन शोधत होत्या. ते त्यांच्या हातातच होतं. "सीलाचं काय ते ठाण्याने मला लेखी कळवावं. पंचनामा करा, फोटो काढा, हमीपत्र घ्या आणि मशीन आजच द्या. काकू, खटला संपेपर्यंत ती विकायची नाही, तिच्यात बदल करायचा नाही, बोलावलं की हजर करायची."

"आणि सुई मोडली तर?"

न्यायाधीश बाईंनी वकिलांकडे पाहिलं. वकिलांनी छताकडे.

"सुई बदला," बाई म्हणाल्या. "पण कोर्टाला सांगू नका."

संध्याकाळी ठाण्याच्या अंगणात मशीन टेम्पोपाशी आणली. पावतीसाठी मशीनसोबत मालकिणीचा फोटो हवा होता. हवालदार मोबाइल धरून उभे राहिले, तोंड एरंडेल प्यायल्यासारखं.

"सगळ्यांसमोर माझी अब्रू काढलीत, काकू."

"काढली कुठे? मीच तर शिवून दिली होती."

मागे वायरलेसवाला फिस्सकन हसला. ड्रायव्हर हसला. काकूंना तर आवरेना.

"हसू नका हो!" हवालदार वैतागले. "मुद्देमालाचा फोटो आहे!"

शाळा उघडली तेव्हा गणवेश तयार होते. कोर्टाच्या फायलीत तो फोटो अजून आहे. त्यात मशीन अगदी स्पष्ट आलीय, पट्ट्यासकट. मालकिणीचे मात्र नुसते दात.