तिसरा पास

आमच्या शाळेतल्या एका तरुण सरांचा तीन दिवसांपूर्वी मेसेज आला. ‘सर, तुम्ही दिवाळीनंतर गेला होता त्याच शहरात आता आम्ही चाललोय. तो फिरायचा पास घ्यावा का? परवडतो का?’ मी मेसेज वाचला हे दोन निळ्या खुणांवरून त्यांना कळलंच असणार. तरी उत्तर दिलं नाही. एरवी अशा प्रश्नांची मी वाटच पाहत असतो. आमच्या नेर गावात ओळखीच्यात कोणाला कूलर घ्यायचा असला तरी माझा सल्ला मिळतो, मागितला नाही तरी मिळतो. या वेळी मात्र बोटं चालली नाहीत.

शहराचं नाव सांगत नाही. दक्षिणेकडचं आहे, मोठं आहे, आणि झाल्या प्रकारात त्याचा काडीचाही दोष नाही. तिथं एक पास मिळतो. एकदाच पैसे भरायचे आणि दोन दिवसांत यादीतली आठ ठिकाणं पाहायची. राजवाडा, किल्ला, दोन संग्रहालयं, बाग वगैरे. रांगेत थांबायचं नाही आणि शहराच्या फिरत्या बसमध्येही वेगळं तिकीट नाही. मी मागच्या वर्षी निवृत्त झालो. विज्ञान शिकवायचो. निवृत्तीनंतर एक तरी सहल करायची असं बायकोला कबूल केलेलं होतं, आणि आईला घरी एकटं कसं ठेवायचं म्हणून आईही येणार होती.

आई अठ्ठ्याहत्तर वर्षांची आहे. पंच्याहत्तरी ओलांडल्यापासून एसटीत तिला तिकीट पडत नाही, आधार कार्ड दाखवलं की कंडक्टर मशीनमधून शून्य रुपयांचं तिकीट काढून देतो. या गोष्टीचं तिला इतकं अप्रूप की कार्ड प्लास्टिकच्या पाकिटात घालून, दोरी बांधून ती गळ्यातच घालते. दिग्रसला माझ्या बहिणीकडे जायचं असलं की बस फलाटाला लागायच्या आधीच तिचा हात पदराखाली जातो. शून्याची तिकिटं ती टाकत नाही, साडीच्या घडीत ठेवते. मी तिची थट्टा करायचो, तीही हसायची.

तर पास. मी कॅलेंडरचं जुनं पान उलटं करून त्यावर तक्ता आखला. चार ठिकाणी गेलो तर बरोबरी, पाचव्यापासून फायदा. दोन दिवसांत सहा ठिकाणं सहज होत होती, म्हणजे पास घ्यायचा हे ठरलं. प्रश्न उरला तो दोन घ्यायचे की तीन. पासाच्या वेबसाइटच्या पानावर प्रौढांचा एक दर होता, मुलांचा एक. म्हाताऱ्यांचा रकानाच दिसला नाही. मी बायकोला म्हणालो, आईचे गुडघे बघ, ती दोन ठिकाणांच्या पुढं जाणार नाही. तिचा पास वसूल होणारच नाही.

“घेऊन टाका हो,” बायको म्हणाली. “सगळे अंदर जातीन अन त्या बाहीर बसतीन काय?”

“अगं, वाया जाईन तो पास.”

आई तिथंच दाराशी बसून शेंगदाणे निवडत होती. तिनं वर न पाहता निकाल देऊन टाकला. “मी बसीन ना बाहीर. मले कायचं पाह्यचं आता.” मग थोड्या वेळानं म्हणाली, “फक्त राजाचं सैपाकघर पाह्यजो बाबू, अन मले सांगजो.”

स्वयंपाकघरच का, हे मला विचारावं लागलं नाही. आईनं पंधरा वर्षं गावातल्या शाळेत पोरांची खिचडी शिजवली. सुरुवातीला दोन-तीन घरांनी आपल्या पोरांना बजावून ठेवलं होतं, त्या बाईच्या हातचं खायचं नाही. का, ते आमच्या भागात कोणाला समजावून सांगावं लागत नाही. आई दर दसऱ्याला नागपूरला जाणारी, घरात भिंतीवर दोन तसबिरी. तिनं भांडण केलं नाही. फक्त ती त्या स्वयंपाकघराच्या दारातून हटली नाही, आणि वर्षभरात ती पोरं ताटं घेऊन सगळ्यांत पुढं यायला लागली. अशा बाईला शेकडो माणसांचा स्वयंपाक कसा होत असेल याचं कुतूहल असणारच. मला हे सगळं माहीत होतं. तरी मी दोनच पास काढले, आणि वर मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली.

बडनेऱ्याला गाडी धरायची म्हणून आधी अमरावतीची बस. त्या बसमध्ये आईनं नेहमीप्रमाणे शून्याचं तिकीट घेतलं आणि खिडकीशी राणीसारखी बसली. दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला आम्ही राजवाड्याच्या फाटकावर होतो.

फाटकावरच्या माणसानं माझ्या मोबाइलवरचे दोन पास तपासले. तेवढ्यात आईनं गळ्यातलं कार्ड बाहेर काढलं आणि दोन्ही हातांनी त्याच्यापुढं धरलं. तिला वाटलं, आपलं कार्ड सगळीकडे चालतं. मागं रांग होती. गॉगल लावलेली, इंग्रजी बोलणारी माणसं होती. त्यांतली एक बाई हसली, कदाचित दुसऱ्याच कशाला तरी हसली असेल. पण माझं डोकं फिरलं. मी ओरडलो, “ठेव ते अंदर! इथं नाही चालत. नेरची बस वाटली काय तुले?”

त्या माणसाला काही बोलायची संधीच मी दिली नाही. आईनं कार्ड पदराआड घातलं. घालताना दोरी पदरात अडकली, ती सोडवायला वेळ लागला, आणि तेवढा वेळ मी दुसरीकडे पाहत उभा राहिलो. बायकोनं तिला बाहेरच्या बाकड्यावर बसवलं, पाण्याची बाटली दिली. त्यानंतर दिवसभर माझ्याशी ती मोजकंच बोलली.

आत काय पाहिलं, तर घड्याळ. राजवाड्याला पन्नास मिनिटं ठरवली होती, कारण त्या दिवशी अजून दोन ठिकाणं व्हायची होती. झुंबरं पाहिली, सिंहासन पाहिलं, तलवारींच्या कपाटापुढून जवळजवळ पळालो. स्वयंपाकघराकडे जायचा बाण एका जिन्यापाशी खाली दाखवत होता. बायको म्हणाली, आईनं सांगितलं होतं. मी म्हणालो, येताना पाहू. येताना दुसऱ्याच दारानं बाहेर पडलो.

आई बाकड्यावर होती तशीच होती, बाटली मांडीवर. फक्त चपला काढून पाय वर घेतले होते. मी म्हणालो, “दमली नाही ना?” ती म्हणाली, “बसून कोणी दमते काय?” दोन दिवसांत आमची सहा ठिकाणं झाली आणि पास वसूल झाला. सहाही ठिकाणी आई बाहेर बसली. नंतर तिनं कार्ड एकदाही काढलं नाही.

पहिल्याच दिवशी संध्याकाळी लॉजवर चहा घेताना तिनं विचारलं, “सैपाकघर कसं होतं मंग?”

‘पाहायचं राहिलं’ हे दोन शब्द मला बोलता आले असते. बायको समोर होती, तिनं माझ्याकडे पाहिलंही. पण मी आईसाठी एवढंही केलं नाही हे कबूल करायला जीभ वळेना. मी थाप मारली. म्हणालो, “बापरे, काय मोठं होतं आई! तांब्याची भांडी, माणूस अंदर उभा राहीन अशी. चकचकीत. एक पळी तर तुझ्याएवढी होती.” एकदा सुरुवात केल्यावर थांबता येईना. मी मसाल्यांचे रांजण सांगितले, परातींची उतरंड सांगितली. आई बशीतला चहा पीत “व्हय काय?” म्हणत होती, मधून मधून मान डोलावत होती. तीस वर्षं वर्गात शिकवल्यानं माझ्या वर्णनात दम होता. बायको उठून बाहेर गेली.

सरांचा मेसेज आला त्या दिवशी त्यांना पाठवायला म्हणून मी पासाचं ते पान पुन्हा उघडलं. सल्ला द्यायचा तर नीट द्यावा म्हणून या वेळी अटी शेवटपर्यंत वाचल्या. खालून तिसरी ओळ होती: सत्तर वर्षांवरील व्यक्तींना सर्व ठिकाणी प्रवेश मोफत, वयाचा पुरावा दाखवावा.

वयाचा पुरावा. तो तर तिनं दोन्ही हातांत धरला होता. आयुष्यभर मी पोरांना सांगत आलो की प्रश्नपत्रिका हातात आली की आधी शेवटपर्यंत वाचा. मी स्वतः पहिला तक्ता वाचून पेपर सोडवला होता. पण ती ओळ वाचून मला जी लाज वाटली ती चूक झाल्याची नव्हती, चूक कोणाचीही होते. लाज वाटली ती अशी की ती ओळ नसती, तर मी हे सगळं विसरूनही गेलो असतो. आमच्या आजीला गावातल्या मोठ्या घरांच्या उंबऱ्याबाहेर बसवून वरून पाणी वाढत. आईनं ते पाहिलंय, आम्हाला सांगितलंय, आणि आपल्याला कोणी दाराबाहेर बसवू नये म्हणून तर शिकवलंय. शिकून मी काय केलं, तर पासाचा तक्ता मांडून तिला सहा दारांबाहेर बसवलं. त्यासाठी मला कोणी सांगितलं नव्हतं.

दोन दिवस मी घरात तोंड लपवत फिरलो. काल दुपारी मात्र धीर केला. आई अंगणात उन्हाला बसून तुरीच्या ओल्या शेंगा सोलत होती. मी समोर बसलो, चार शेंगा हातात घेतल्या आणि म्हणालो, “आई, एक सांगायचं होतं. तिथं म्हाताऱ्या माणसाले फुकट होतं. तू कारड दाखवलं ते बरोबर होतं. म्या वाचलंच नोतं.”

“मले मालूम हाय,” आई म्हणाली. हात थांबला नाही.

“कसं काय?”

“तुमी अंदर गेले अन थे बाई आली, फाटकावरची, पोलिसावानी कपडे घातलेली. म्हने, अम्मा, धूप में कायकू बैठे? म्या गुपचूप कारड दाखवलं. म्हने, तुमकू टिकट नै, चलो. हात धरून नेलं बिचारीनं.”

माझ्या हातातली शेंग तशीच राहिली. “कुठं नेलं?”

“सैपाकघरात. म्या म्हनलं मले तेवढंच दाखव, बाकी नाही पाह्यचं. पायऱ्या होत्या, पण उतरली हळूहळू.” सोललेले दाणे तिनं टोपल्यात टाकले. “मंग तुमी यायच्या आंधी येऊन बसली बाकड्यावर.”

“अन मले सांगितलं काहून नाही?”

“तू चार लोकाईत म्हनलं होतं ना, चालत नाही म्हणून. तुले खोटं पाडू काय तठी?”

मग मला संध्याकाळचा चहा आठवला. तांब्याची भांडी, तिच्याएवढी पळी. खाली मान घालून मी शेंगा सोलत राहिलो. विचारायची हिंमत नव्हती. आईनंच सांगितलं, नेहमीच्या आवाजात, जणू आज भाजी काय करायची ते सांगतेय.

“भांडे नाहीत बाबू तठी. एकही नाही. नुसत्या चुली हायेत, ओळीनं. म्या मोजल्या, एकोणीस. भितीवर काजळी हाय अजून. हात लावून पाह्यला, तं बोटाले लागली.”

“मी सांगत होतो तवा बोलली काहून नाही मंग?”

तिनं पहिल्यांदा माझ्याकडे पाहिलं. त्यात राग असता तर बरं झालं असतं.

“इतकं मन लावून सांगून राह्यलता,” ती म्हणाली. “मंग ऐकून घेतलं.”

संध्याकाळी सरांना उत्तर लिहायला बसलो. आधी लिहिलं, पास परवडतो, पाच ठिकाणं झाली तर. पुसलं. मग लिहिलं, अटी शेवटपर्यंत वाचा. तेही पुसलं, तो सल्ला देणारा मी कोण. शेवटी हे पाठवलं: ‘पासाचं तुमचं तुम्ही पाहा. राजवाड्यात खाली स्वयंपाकघर आहे, एकोणीस चुली आहेत, ते चुकवू नका. आणि आई सोबत असेल तर तिला आत न्या. मी माझ्या आईला बाहेर बसवलं होतं.’