मापांच्या नोंदी

शिंपीदादांचा फोन शेवटचे आचके देत होता, म्हणून त्यांची लेक त्यातल्या मापांच्या नोंदी दुकानातल्या कॉम्प्युटरवर घेत होती. एकाही नोंदीला गिऱ्हाइकाचं नाव नव्हतं. ‘बँकेतल्या बाई. पोट सुटलंय. चकार शब्द काढू नये.’ ‘ड्रॉइंगचे मास्तर. डावा पाय आखूड. सारखेच आहेत म्हणावं.’

“बाबा, नावं तरी लिहायची!”

“मी काय नावं शिवतो?” मशीनवरून मान वर न करता ते खेकसले.

ती हसत पुढे सरकली. ‘आमची पोरगी. उजवा खांदा उतरता. आतून पट्टी लावणे. तिला कळू देऊ नये.’

तिचा हात आपसूक खांद्यावर गेला. बाजारातला तयार कपडा तिला कधीच धड बसला नव्हता, आणि दरवेळी बाबा करवादायचे, “लेकाच्यांना शिवताच येत नाही!”