दुसऱ्या मजल्यावरचा बैल

“गुरुजी, बैल आमच्या टीव्हीत आहे.” चारकोपच्या त्या इमारतीच्या जिन्यातच मेहताभाईंनी मला गाठले. “बातम्या सांगणारी बाई मध्येच थांबते आणि म्हणते, बैल ओढ्याकाठी उभा राहिला. घेऊन जा त्याला. फक्त हवामान सांगून होऊ द्या.”

मी नम्रपणे होकार दिला आणि वरच्या मजल्यावर तात्या परबांच्या घरी गेलो.

माझा व्यवसाय कथासंधानाचा. पाठशाळेत व्याकरण आणि मीमांसा शिकलो; आता मुलुंडच्या एका ऑफिसातर्फे मोडलेल्या गोष्टी जोडतो. गोष्टीला तडा जातो तेव्हा सांगणारा केवळ अडखळतो. कपभर चहाने ते बरे होते. भंग मात्र निराळा. भंगात गोष्टीचे तुकडे घरभर विखुरतात आणि सापडेल त्या जागी ठाण मांडून बसतात. परबांकडे भंग झाला होता. फ्रिज उघडला की ओढा खळखळे. देव्हाऱ्यामागून कोणीतरी सारखी वाट विचारी. बैल तर मजला उतरून गेला होता.

निघताना आमच्या मॅनेजर गौरी मॅडम म्हणाल्या होत्या, “गुरुजी, मंगलाचरण रिक्षात उरका. केस अर्जंट आहे.” मी ते रिक्षात शांतपणे म्हटले. सिग्नल मोठा होता, त्यामुळे फलश्रुतीही झाली.

केस खरोखरच अर्जंट होती. दुसऱ्या दिवशी तात्यांच्या नातवाचे बारसे होते. परबांचा कुलाचार असा की पाळण्यापाशी घरातील वडीलधाऱ्याने मूळपुरुषाच्या बैलाची गोष्ट सांगायची. डोंगर उतरून आलेला बैल शेवटी दारात उभा राहतो आणि विचारतो, घरात कोण आसा? त्याला उत्तर म्हणून आत्या बाळाच्या कानात नाव सांगते. गोष्ट पुरी झाल्याखेरीज परबांकडे कोणाचेही नाव ठेवले गेलेले नाही.

गिरणीतून निवृत्त झालेले तात्या पाळण्याची दोरी धरून बसले होते. “गुरुजी, इचारूक बैलच नाय,” ते म्हणाले. “माजो नातू बिननावाचो रवतलो काय?”

मी कामाला लागलो. तुकडा उचलण्याची रीत सोपी आहे. तो जेथे ऐकू येतो तेथे नमस्कार करून पाण्याचा तांब्या धरायचा. तुकडा आपण होऊन त्यात उतरतो. ओढा आला, वाट विचारणारा आला. बैलासाठी मेहताभाईंच्या सोफ्यावर हवामान संपेपर्यंत बसावे लागले. मग सर्व तुकडे चटईवर अन्वयाने, म्हणजे अर्थाच्या क्रमाने, मांडले आणि तात्यांना सांगावयास लावले. बैल डोंगरावरून निघाला, ओढ्याकाठी आला, आणि तेथेच सारे पुन्हा विस्कटले.

खालून मेहताभाईंची हाक आली. “परत आला!”

मी पुन्हा मांडले. पुन्हा तेच. तात्या माझ्याकडे दयेने पाहू लागले. “गुरुजी, तुमी गजाल जोडतास की फरशी बसयतास?”

तेव्हा मी आरंभीच विचारावयास हवा होता तो प्रश्न विचारला. गोष्ट मोडली केव्हा? सून नेहा म्हणाली, रविवारी. बाळाला मोठेपणी ऐकता यावी म्हणून तिने ती मोबाइलवर रेकॉर्ड करावयास घेतली होती. तिने ते रेकॉर्डिंग लावले. आवाज स्वच्छ, एकट्या तात्यांचा. ओढ्यापाशी तो बंद पडला होता.

“बाकी कोणाचाच आवाज कसा नाही?” मी विचारले.

“मीच सगळ्यांना गप्प बसवलं होतं. नाहीतर दर वाक्याला सगळे ‘व्हय म्हाराजा’ करतात. क्लीन ऑडिओ मिळणार कसा?”

कोकणात देवाला गाऱ्हाणे घालताना प्रत्येक वाक्यावर जमलेली माणसे ‘व्हय म्हाराजा’ म्हणतात. परब मंडळी या गोष्टीलाही म्हणत. मी सांधा वाक्यांत शोधत होतो. तो ऐकणाऱ्यांच्या तोंडी होता.

“मी सांगतंय आणि सगळी भिंतीसारकी गप,” तात्या म्हणाले. “माका वाटला, मी मेलंय.”

नेहाचा चेहरा उतरला. मी म्हणालो, “मुली, तू जपण्यासाठीच केलेस. उद्या तुझा आवाज सर्वांत मोठा असू दे.”

बारशाला बैल अजून खालीच होता. तात्यांनी आरंभ केला. पहिला ‘व्हय म्हाराजा’ नेहाचा, मग खोलीचा. ओढ्यापाशी तात्या क्षणभर थबकले. दारात रिमोट हातात घेऊन तक्रारीस आलेले मेहताभाई उभे होते. त्यांनी खणखणीत ‘व्हय म्हाराजा’ घातला, आणि त्यांच्या पाठोपाठ जिन्यात घंटा वाजली.

बैलाने दारातून विचारले, घरात कोण आसा? आत्या कानाशी वाकली आणि मग मोठ्याने म्हणाली, “ध्रुवांश!” ते नाव तात्यांच्या जिभेवर बसत नव्हते, आणि मलाही त्याच्या समासाविषयी शंका होती. आम्ही दोघेही ‘व्हय म्हाराजा’ म्हणालो.

रिपोर्टात बिघाडाचे मूळ कारण लिहावे लागते. मी लिहिले: श्रोत्यांनी पूर्ण शांतता पाळली. गौरी मॅडमना ते पटले. त्यानंतर ऑनलाइन मीटिंगमध्ये त्या बोलू लागल्या की मी श्रद्धापूर्वक दर वाक्याला हुंकार देतो. हल्ली त्या मला म्यूटवर ठेवतात.