आभाराचा कागद

मराठी माणसाच्या आभारप्रदर्शनातून कुणी सुटत नाही. सतरंज्या घालणारा, माइकवाला, चहावाला, सगळे येतात. बहरीनमधल्या आमच्या मंडळाच्या गणपतीत मात्र एक माणूस सुटला. आठवलं की आजही तळपायाची आग मस्तकाला जाते.

सत्तरचं दशक सरत आलं होतं. मी मनामातल्या एका बांधकाम कंपनीत ड्राफ्ट्समन होतो. आमचं स्टोअर सांभाळणारा पन्नाशीचा झेक गृहस्थ मायदेशी आधी नट होता, मग दिग्दर्शक झाला. त्याच्या शहरात परके रणगाडे शिरले तेव्हा हा गप्प बसला नाही. आधी पोस्टरवरून नाव गेलं, मग काम गेलं, शेवटी देश सुटला. "वीस वर्षं नट, चार वर्षं दिग्दर्शक, आता पाइप मोजतो," असं तो हसून सांगायचा. मला हसू यायचं नाही.

त्या वर्षी आमचं नाटक काही केल्या बसेना, म्हणून मी त्याला तालमीला नेलं. त्याला मराठीचं अक्षर कळत नव्हतं. नाटकाची गोष्ट तेवढी त्याने माझ्याकडून इंग्रजीत समजून घेतली. मग डोळे मिटून ऐकायचा आणि मध्येच हात वर करायचा. "हे खोटं. परत." नेमकं तिथेच आम्ही उगाच गळा काढलेला असायचा! पाणी मागायचं साधं वाक्य त्याने मला तेरा वेळा म्हणायला लावलं. दोन महिने ड्युटी संपवून तो रोज आला.

आणि छापील पत्रिकेवर दिग्दर्शक कोण? आमचे अध्यक्ष! तालमीत या गृहस्थांनी समोसे खाण्यापलीकडे काही केलं नव्हतं. मी भांडायला गेलो.

"अरे, मराठी न येणाऱ्याने नाटक बसवलं म्हटल्यावर लोक हसतील आपल्याला," ते म्हणाले. "आणि त्याला कुठे वाचता येतंय?"

"मग मी काम करत नाही."

"नको करूस. दुसरा तयार आहे. खलास."

माझी प्रमुख भूमिका होती. मी शेपूट घातलं.

नाटक रंगलं. शाल-श्रीफळ अध्यक्षांनी घेतलं. माझा आवाज चांगला, म्हणून आभाराचा कागद माझ्या हातात दिला. तो पहिल्या रांगेत टाय लावून ताठ बसला होता. स्वतःचं नाव कुठल्याही भाषेत कळतं, आणि तो त्याचीच वाट पाहत होता. मी समोसेवाल्याचंसुद्धा नाव वाचलं. कागद संपला.

तो विंगेत आला, माझा हात हातात घेतला. "नाटकात तू एकदाही खोटा वाटला नाहीस," तो इंग्रजीत म्हणाला. "शेवटी वाचताना वाटलास."

अध्यक्षांना मी पुढे वर्षानुवर्षं शिव्या घातल्या. पण कागद माझ्या हातात होता, माइक माझ्यापुढे होता, आणि त्याचं नाव मला तोंडपाठ होतं.