दुसऱ्या पातेल्यातलं सूप

धाकटीला बटाट्याच्या सूपचा वीट आला होता. वीट म्हणजे किती, तर पातेल्यात लोणी विरघळायला लागलं की ती तोंड दुसरीकडे फिरवायची. पण करते काय? आजारपणानंतर सासूबाईंच्या घशाखाली दुसरं काही उतरेना, आणि उतरायचं तेही धाकटीच्याच हातचं. सव्वा वर्ष झालं होतं. शेजारी सिनेमाला बोलवायचे, बहीण राहायला बोलवायची, हिचं आपलं एकच पालुपद: "आईंचं सूप आहे."

त्याआधी ती पुस्तकबांधणीच्या कारखान्यात होती. छापील पानांचे गठ्ठे दोऱ्याने शिवण्यात तिच्या तोडीचं कुणी नव्हतं. काल तिथल्या मुकादमाचा फोन आला. सोमवारपासून ये, जागा धरून ठेवली आहे, पण आजउद्यात सांग. नवरा म्हणाला, "जा की! फक्त आईचं काहीतरी बघ." वा रे वा! काहीतरी बघ म्हणे. जशी काही आई हिचीच.

तिने नणंदेला गाठून घरी आणलं. नणंद दोन गल्ल्या पलीकडे राहायची, दुपारची मोकळी असायची, मनाने वाईट मुळीच नव्हती. तिच्या हाताला तेवढं वळण नव्हतं.

"ताई, कांदा लोण्यात मऊ होऊ द्यायचा, लाल नाही करायचा. त्यातच बटाटे शिजवायचे, पळीने घोटायचे आणि चाळणीतून गाळायचे. दूध शेवटी, आच बारीक करून. आणि मिक्सरला हात लावू नका, बटाटा चिकट होतो."

"कळलं गं बाई! मी काय कुकुलं बाळ आहे?"

धाकटी गच्चीवर कपडे वाळत घालून येते तो मिक्सर घरघरून थांबलासुद्धा होता. पातेल्यात झाली होती चक्क लेई. असली लेई तिने वर्षानुवर्षं पुठ्ठ्यांना फासली होती.

"मेलं ते घोटून घोटून खांदा दुखतो," नणंद ओशाळून म्हणाली.

धाकटी रागावली नाही. सकाळी तिने आपलं सूप करून झाकून ठेवलंच होतं. तेच तिने गरम करून वाटीत ओतलं. "हे न्या. तुम्ही केलंय म्हणून सांगा. एकदा तुमच्या हातून खायला लागल्या की झालं. सूप काय, मी पहाटे करून जाईन." आणि दाराआड उभी राहून ती मनातल्या मनात म्हणाली, देवा, एवढं होऊ दे रे.

"आई, आज मी केलंय हं," नणंद म्हणाली.

सासूबाईंनी एक चमचा घेतला आणि तोंड वाकडं करून फडक्यावर थुंकून टाकला. "गुठळ्याच गुठळ्या! घसा सोलवटला माझा. धाकटीला बोलाव."

धाकटीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. गुठळ्या? तिच्या सूपात? तरातरा स्वयंपाकघरात जाऊन तिने नणंदेच्या पातेल्यातल्या लेईत दूध घातलं, ती जरा सैल केली, गरम केली आणि वाटी घेऊन पलंगाशी बसली. "घ्या आई. हे माझं."

सासूबाईंनी मुकाट तोंड उघडलं. एक चमचा, दोन चमचे, बघता बघता वाटी चाटून पुसून साफ. "याला म्हणतात सूप!" त्या म्हणाल्या, आणि धाकटीचं मनगट त्यांनी दोन्ही हातांनी घट्ट धरलं. "तू कुठे जाऊ नकोस गं. मला भीती वाटते."

नणंदेने तोंडाला पदर लावला. धाकटीच्या मागोमाग जाऊन कुठलं सूप कुठल्या वाटीत गेलं, ते तिने डोळ्यांनी पाहिलं होतं. धाकटीला ओरडून सांगावंसं वाटलं, अहो, हे तुमच्या लेकीनेच केलंय! पण सांगून उपयोग काय? शिकवायचं होतं ते सूप, आणि सूपचा तर प्रश्नच नव्हता. म्हातारीची पकड सैल होत नव्हती. धाकटीला तिचा राग आला, आणि त्याहून जास्त रडू आलं.

"ताई," ती म्हणाली, "मुकादमांना फोन लावता का? माझा हात सुटत नाहीये."

"काय सांगू?"

"नाही येत म्हणून सांगा."