कंपनीचे गुडघे

"माझे दोन्ही गुडघे कंपनीनं बदलून दिलेत," हे आईचं ठरलेलं वाक्य. थेरगावात आमच्या गल्लीत ते ऐकलं नाही असं माणूस सापडायचं नाही. बाबा चाकणला एका कारखान्यात फिटर होते. खंडेनवमीला ते मशीनच्या पूजेला निघाले की आई त्यांच्या पिशवीत साहेबांसाठी पेढ्यांचा पुडा कोंबायची. बाबा मुकाट न्यायचे.

बाबा गेले आणि महिन्याभरात वसुलीवाल्याचा फोन आला. म्हणे पर्सनल लोनचे हप्ते थकलेत, आता घरच्यांनी भरायचे. आई लगेच बाबांचा पीएफ त्याला देऊन टाकायला निघाली. अहो, त्या पैशावर तिचं म्हातारपण निघायचं होतं! वर तिचा घोर वेगळाच. "कर्ज काढलंच कशाला ह्यांनी? कुठं दुसरं बिऱ्हाड तर नव्हतं ना गं?"

"आई, त्या माणसाला एक बिऱ्हाड झेपता झेपत नव्हतं!"

माझं डोकं तसंही लवकर तापतं. तिला ओढतच डांगे चौकातल्या एका वकिलांकडे नेलं. ओढत आपलं म्हणायचं, जिना ती माझ्या पुढं चढली.

वकिलांनी कर्जाचे कागद चाळले. "तुम्हा दोघींपैकी कुणाची सही आहे? जामीन वगैरे?"

"नाही."

"मग तुमच्या पदरचं काही द्यावं लागत नाही. गेलेल्या माणसानं मागं जे ठेवलं, तेवढ्यातूनच बँकेला घेता येतं. पीएफ मात्र काकूंचा, त्याला हात लावता येत नाही. काय काय ठेवलंय त्यांनी?"

"खोली भाड्याची. एक स्कूटर आहे, ती पण उतारावरच चालते," मी म्हणाले. जीव भांड्यात पडला होता, म्हणून जीभ सुटली होती.

वकिलांनी पान उलटलं. "कर्जाचं कारण लिहिलंय इथं. पत्नीच्या गुडघ्यांचं ऑपरेशन."

आईनं दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले.

"साहेब," ती म्हणाली, "मागं ठेवलेलं नेतात म्हणालात. मग हे पण त्यांनीच ठेवलेत की."

वकील हसले, मग चष्मा काढून पुसायला लागले. "ते कुणी नेत नाही, काकू."

जिना उतरताना मला रडू आवरेना. आई मात्र चिडली होती. "मला सांगितलं असतं तर मी ऑपरेशन करूच दिलं नसतं," ती म्हणाली. दोन पायऱ्या उतरून थांबली. "म्हणूनच नाही सांगितलं."

स्कूटर बँकेला देऊन टाकली. बाबांना वर्ष झालं नव्हतं, त्यामुळे यंदा घरात सण नव्हता. तरी खंडेनवमीला आईनं पेढ्यांचा पुडा आणला, बाबांच्या फोटोपुढं ठेवला आणि पदर सावरून म्हणाली, "घ्या, साहेब."