भिकनचा तोंडवळा

भाकरी उलटताना अक्का डोळे मिटायची. पाणी प्यायली की लोटा पालथा ठेवायची. कापूस वेचताना इतर बायका गायच्या, ती गप्प. रस्त्यानं जाणाऱ्या प्रत्येक पोराला थांबवायची, निरखायची, मग म्हणायची, "तू नही. जाय."

सुंदरअक्का असोद्यात आमच्या शेजारी राहायची. माहेर नशिराबादचं. त्या घरातल्या बायकांच्या काजळात जादू होती. आईनं लेकराच्या डोळ्यात काजळ घातलं की आईची एक आठवण लेकराला मिळायची. आईजवळून ती जायची. लेकरानं आपल्या डोळ्यातलं काजळ बोटानं आईला लावलं, तरच परत यायची.

अठरा सालच्या मानमोडीच्या साथीत तिचा थोरला, भिकन, गेला. धाकटा तोताराम भावासाठी रडायचा थांबेना. जेवेना. अक्कानं त्याच्या डोळ्यात काजळ घातलं आणि भिकन सगळाच देऊन टाकला. तोताराम शांत झाला. सकाळी खुंटीकडे बघून तिनं विचारलं, "हाई टोपी कोनी शे?"

भिकन नावाचा लेक होता, एवढं तिला नवऱ्याकडूनच कळलं. पुढे नवरा वारला. म्हातारपणी तिला एकच हवं होतं. मी बी.ए. होऊन आलो त्या वर्षी तिनं माझ्यादेखत तोतारामला विनवलं.

"भाऊ, एक डाव काजय लाव. मन्हा भिकनना तोंड देखू दे."

"रांडमुंड बाईले काजय? गाव मन्हा तोंडवर थुकी."

चुलीपाशी सून म्हणाली, "आत्याबाईस्ले नवरा करना शे वाटस!"

तोताराम पोट धरून हसला.

"मंग सांग तरी. कसा दिखे तो?"

"माले दिधा ना तू? मंग तो मन्हा शे."

त्यानंतर ती गावाला विचारत फिरली. काळ्या मातीचं डोकं करू लागली. कुणी म्हणालं, नाक बापासारखं. कुणी म्हणालं, नकटा होता. गावातल्या रुपचंदनं गंमत म्हणून सांगितलं, माकडासारखा होता. तिनं तसंही करून पाहिलं. मग मोडलं. पुन्हा केलं.

परवा ती गेली. तोतारामनं कोनाड्यातलं ते डोकं हातात घेतलं. नीट पाहिलं.

"नाक चुकनं," म्हणाला. ठेवून दिलं आणि बांबू आणायला गेला.

डोक्याला डावा कान होता. उजव्या बाजूला नुसता तिच्या अंगठ्याचा खळगा. शेजारी वाटीत माती भिजत होती.